हंसाच्या दुकानावरची धाड

१

थांगना उचलून नेलं तेव्हा शेगडीवर किटली उकळत होती. उकळून उकळून पाणी आटलं, किटलीचं बूड काळं पडलं, तरी गॅस बंद करायचं कोणाला सुचलं नाही. थांगच्या बायकोने फोनवर यून-चेनला एवढंच सांगितलं. "किटली जळली हो," ती पुन्हा पुन्हा म्हणत होती, "आमच्या सासूबाईंची किटली." मग तिला रडू फुटलं आणि फोन बंद झाला.

ल्याओ यून-चेन न्याहारीच्या दुकानात बसली होती. सोया दुधाचा पेला अर्धाच प्यायला होता. तो तसाच टाकून ती उठली, दारापर्यंत गेली, परत आली, खुर्चीवरची पिशवी घेतली, आणि पुन्हा उगाचच बसली. कुठे जायचं हेच तिला कळेना.

हेरगिरी, सैन्य, गुप्त खाती या विषयांवर तायपेईत कोणाच्या बातमीला वजन असेल तर ते यून-चेनच्या. पन्नाशी उलटली होती, लग्न केव्हाच मोडलं होतं, आणि दाराकडे पाठ करून बसायचं नाही ही सवय इतकी मुरली होती की आईच्या घरीसुद्धा ती भिंतीकडची खुर्ची धरायची. तिच्यावर खटले झाले होते, धमक्या आल्या होत्या, एकदा गाडीच्या काचा फुटल्या होत्या. पण तिला बातमी देणारा माणूस तिच्यामुळे कधी अडकला नव्हता. त्या एका गोष्टीवर ती आजवर ताठ मानेने चालत आली होती. आज तीच गेली.

थांग हे निवृत्त सुभेदार. उभी नोकरी समुद्राकाठच्या एका ठाण्यावर, कानाला यंत्र लावून पलीकडच्या किनाऱ्यावरचं बोलणं ऐकण्यात गेलेली. त्याच ठाण्यावरचे कॅप्टन दू शत्रूला माहिती विकतात म्हणून पकडले गेले आणि त्यांना जन्मठेप झाली. पण दू तुरुंगात गेल्यानंतरही आपल्या जहाजांची वेळापत्रकं पलीकडे पोचतच राहिली. थांगनी ती स्वतःच्या कानांनी ऐकली, वर कळवली. वरून निरोप आला, गप्प बसा. दूंवर खटला उभा करून नाव कमावलेला अधिकारी श्यांग आता गुप्तचर खात्याचा उपसंचालक होता. खरा फितूर कोण ते कधी कळलंच नाही, कारण एकदा सापडलेला चोर पुन्हा शोधायला कोण जातो?

ही सगळी हकिगत यून-चेनने लिहून ठेवली होती. बुधवारी पहिल्या पानावर जायची होती. आणि आज, मंगळवारी सकाळी, थांग कोठडीत.

छापायच्या मजकुरात त्यांचं नाव नव्हतं, गाव नव्हतं. तरी तपासनीस नेमके त्यांच्या दारात कसे गेले? ठिकाण माहीत असलेली माणसं एका हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी होती. आणि त्यातल्या प्रत्येकाच्या हाती तिने आपली मान बिनधास्त दिली असती.

२

"बातमी थांबवलीय," मुख्य संपादक च्यू म्हणाले. ते उभेच होते. काचेच्या खोलीत या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत फेऱ्या मारत होते. "तुमचा माणूस आत गेला. आता छापली तर त्याच्यावर राज्याची गुपितं फोडल्याचा आरोप पक्का होईल."

"आणि नाही छापली तर दू तुरुंगात मरतील."

"ल्याओबाई, मला ते कळत नाही का?"

"कळतं. म्हणूनच विचारते, च्यू साहेब. मालकांचा फोन आला होता?"

च्यू थांबले. मालकांचे दोन कारखाने समुद्रापलीकडे होते, हे कचेरीतल्या शिपायालाही ठाऊक होतं. "मालकांचा फोन रोजच येतो," ते म्हणाले. "पण या बातमीबद्दल मी त्यांना अवाक्षर बोललेलो नाही. तुम्हाला पटत नसेल तर नका पटवून घेऊ."

कोपऱ्यात सू वकीलबाई चष्मा पुसत बसल्या होत्या. पेपरचं कायद्याचं काम त्या बघत. त्याआधी सरकारी वकील होत्या, आणि तिथली करडी नजर अजून गेली नव्हती. बातमी कोणी दिली, कुठे दिली, हे सगळं खाजगी प्रतीत लिहिलेलं हवं हा त्यांचाच हट्ट. ती प्रत च्यू आणि सू यांनी इथेच, या टेबलाशी वाचली होती आणि वाचून यंत्रात घालून तिच्या चिंध्या केल्या होत्या. तिच्यातही थांगचं नाव नव्हतं. 'सैन्यातून निवृत्त झालेला, आता मिंगयुए या चहाच्या दुकानात चहा करणारा' एवढंच होतं. आणि त्याच्या आधी एक मोठा परिच्छेद: तारेवरच्या पाळण्यातून डोंगरावर जाताना खाली पसरलेले चहाचे मळे, धुकं, पायऱ्या.

"माझ्याकडे अशी काय बघतेस?" सू म्हणाल्या. "जुन्या कचेरीतल्या मैत्रिणींबरोबर दर आठवड्याला जेवते म्हणून? तुझ्या जागी मी असते तर पहिला संशय माझ्यावरच घेतला असता. घे. पण थांगला वकील मिळाला का ते विचारायचं सुचलं का तुला? सकाळपासून मी तेच बघतेय."

यून-चेन ओशाळली. पण ओशाळून संशय जात नाही. तिने विषय बदलला. "आ-खाय कुठाय?"

आ-खाय म्हणजे छायाचित्रकार. तिला डोंगरावर तोच घेऊन गेला होता.

"तेच तर," च्यू म्हणाले. "त्याचा फोन सकाळपासून बंद आहे. घरीही नाही."

३

अशा वेळी यून-चेनचे पाय एकाच घराकडे वळत.

फान सर पंचाहत्तरी पार केलेले. लष्करी कायद्याच्या दिवसांतही ज्यांनी खात्यातल्या बातम्या बाहेर काढल्या असे जे थोडे पत्रकार होते, त्यांच्यात सरांचं नाव आधी घेतलं जाई. यून-चेन नोकरीला लागली तेव्हा तिच्या मजकुरावर लाल रेघा मारमारून त्यांनी तिला घडवलं होतं. आता काचबिंदूने दोन्ही डोळे गेले होते. सून लान त्यांचं सगळं करायची. यून-चेन दर महत्त्वाची बातमी छापण्याआधी त्यांना वाचून दाखवत असे. हीसुद्धा रविवारी खाजगी प्रतीवरूनच वाचून दाखवली होती.

लानने दार उघडलं. "बरं झालं आलात, ताई. सकाळपासून चिडचिड चाललीय. भात नको, मासा नको, रेडिओ नको. आणि हो, तुम्ही दिलेला चहा फार छान होता हं. पुडा संपत आला."

सर खिडकीशी बसले होते. तिने सगळं सांगितलं. ते मान खाली घालून ऐकत राहिले.

"च्यूकडे बघ," शेवटी ते म्हणाले. "संपादक वाईट नसतो, पोरी. संपादकाला मालक असतो."

"ते नाही म्हणतात."

"हो म्हणेल का? आणि ती वकीलबाई. सरकारी वकील निवृत्त होत नाही, नुसती खुर्ची बदलते."

"सर, मी त्यांना आणखी काय विचारू?"

"काही विचारू नकोस. गप्प बस थोडे दिवस. तू हलशील तितकं त्या माणसाला आत जड जाईल."

सरांनी तिला गप्प बसायला सांगावं हे तिला विचित्र वाटलं. सर थकलेत, असं तिने मनाला सांगितलं. रविवारी मात्र ते नेहमीसारखे करडे होते. ती वाचायला लागली, पाळण्याचा परिच्छेद आला आणि त्यांनी हात वर केला होता. "हवामान गाळ. माणूस काय म्हणाला ते वाच." ती हसली होती आणि परिच्छेद सोडून पुढे गेली होती. वर्णन त्यांना कधीच खपत नसे.

ती रस्त्यावर आली तेव्हा जिन्याच्या तोंडाशी हेल्मेट घातलेला एक माणूस उभा होता. तो थेट तिच्याकडे आला.

"ताई, मागे बसा," तो दबक्या आवाजात म्हणाला. "बोलू नका. आधी बसा."

४

तो आ-खाय होता.

नदीच्या पुलाखाली त्याने स्कूटर उभी केली तेव्हा यून-चेनने त्याच्या खांद्यावर एक फटका दिला. "कुठे मेला होतास? सगळे तुझ्यावर संशय घेतायत!"

"तुम्हीसुद्धा?"

"हो, मीसुद्धा!"

"वा! फार उपकार झाले." त्याने हेल्मेट काढलं. चेहरा उतरला होता. "डोंगरावर गेलो होतो. थांगकाकूंना त्यांच्या बहिणीकडे पोचवलं. फोन बंद ठेवला कारण तो चालू असता तर माझ्यामागून खातं काकूंपर्यंत आलं असतं. हे तुम्हीच शिकवलंत की नाही?"

"मग माझा पत्ता कसा लागला?"

"तुमचं काही बिघडलं की तुम्ही आई सोडून फान सरांकडेच जाता. कचेरीत सगळ्यांना माहितीय."

यून-चेनला हसू आलं आणि त्याचवेळी डोळेही भरले. तिने नदीकडे तोंड फिरवलं.

"ताई, एक गंमत आहे," आ-खाय म्हणाला. "गंमत म्हणजे... बघा तुम्हीच." त्याने फोन सुरू करून तिच्यापुढे धरला. कालच्या दुपारची टीव्हीवरची बातमी होती, शेवटच्या किरकोळ बातम्यांतली. वानह्वा भागात हंसाचं मांस शिजवून विकणाऱ्या एका दुकानात साध्या कपड्यांतली माणसं शिरली, भांडी उलथीपालथी केली आणि काही न सांगता निघून गेली. दुकानाची मालकीण हातातला सुरा नाचवत कॅमेऱ्यासमोर सगळ्या सरकारचा उद्धार करत होती.

"ह्यात काय?"

"पाटी बघा."

मालकिणीच्या डोक्यावर लाल पाटी होती. यून-चेनने ती वाचली. दुकानाचं नाव होतं मिंगयुए.

५

दुकानाची मालकीण आ-श्या दारातच हंस तोडत होती. सुरा एकेका घावात हाड पार करत होता.

"पेपरवाल्या? बसा. लिहा. सगळं लिहा! माझ्या रश्श्यात सिगारेटची राख पाडली म्हणावं. तीस वर्षं रोज त्यातच भर घालून उकळतोय तो रस्सा, माझ्या आईने लावलेला!"

"मावशी, ते काय शोधत होते?"

"म्हणे चहा करणारा म्हातारा फौजी कुठे लपवलाय? मी म्हटलं, बाबांनो, माझ्याकडे हंस आहेत, उकडलेले आणि धुरावलेले. चहा हवा तर पलीकडे जा. फौजी हवा तर माझा नवरा घेऊन जा. किनमेनच्या छावणीत भात शिजवून आलाय, तेवढीच त्याची फौज."

आतून नवऱ्याचा आवाज आला, "सारखं सारखं काय गं तेच!"

"तू कोथिंबीर चीर!"

यून-चेनने एक वाटी रस्सा मागवला, पण चमचा हातातच राहिला. "त्यांच्यात बोलणं काय झालं, ते ऐकलंत का?"

"माझ्याच दुकानात मी काय कानात बोळे घालू? त्यातला जाडा फोनवर बोलत होता. 'साहेब, मिंगयुएच आहे, पण हे हंसाचं दुकान आहे. पत्ता काही दिलाय का हो, की नुसतं नावच?' मग पलीकडून शिव्या पडल्या असणार, कारण तो 'हो साहेब, हो साहेब' करत बाहेर गेला. जाताना एक पाय नेला माझ्या हंसाचा. तेही लिहा."

"नुसतं नावच, असं म्हणाला? नक्की?"

"अगं बाई, हंस मी मोडत असेन, शब्द नाही मोडत."

यून-चेनने मान वर करून पाटीकडे पाहिलं. मिंगयुए, म्हणजे उजळ चंद्र. शेकडो दुकानांना असतं तसलं नाव. थांगच्या दुकानाचं नावही बोलताना अगदी हेच. पण तिथला मिंग उजेडाचा नव्हे, चहाच्या कोवळ्या पानाचा. चिनी लिपीत लिहिताना दोन्ही अक्षरं इतकी वेगळी की शाळकरी पोरही गल्लत करणार नाही. बोलताना मात्र केसभराचाही फरक नाही.

वाटीतल्या रश्श्यावर चरबी गोठली. ती तशीच उठली.

"रस्सा कडू लागला की काय?" आ-श्या मागून ओरडली.

६

"चला, बोला," आ-खाय म्हणाला. ते पुन्हा पुलाखाली आले होते. यून-चेन खांबापासून खांबापर्यंत येरझारा घालत होती.

"सोमवारी दुपारी ते चुकीच्या मिंगयुएत गेले. मग चहावाली मिंगयुए धुंडाळत आज सकाळी बरोबर. म्हणजे सोमवारी त्यांच्याजवळ नुसता एक आवाज होता, मिं-ग-यु-ए. अक्षर नव्हतं. चहाचा मिंग लिहिलेला ज्याने पाहिला, तो सांगताना म्हणणारच, की बाबा, चहाचा मिंग. नाहीतर ऐकणारा उजेडाचाच समजणार."

"समजा च्यू साहेबांनी घाईत फोनवर नुसतं नाव सांगितलं?"

"मग डोंगर कुठे गेला? च्यू आणि सू, दोघांनीही पूर्ण प्रत वाचलीय. पाळणा, चहाचे मळे, पायऱ्या, सगळं. माणूस पकडून द्यायचा तर माओकोंगचा डोंगर सांगितल्याशिवाय कोण राहील? ज्याला डोंगर माहीत आहे तो वानह्वातल्या हंसांकडे पाठवणारच नाही."

"आणि मी तर पाटीखालीच उभा होतो," आ-खाय म्हणाला. "फोटो काढू नका म्हणून थांगकाका माझ्यावर खेकसले होते."

"म्हणून तू सुटलास." ती थांबली. "ज्याने सांगितलं त्याने मजकूर वाचलेला नाही. जागा पाहिलेली नाही. त्याने फक्त ऐकलंय. आणि तेही डोंगर सोडून बाकीचं."

वरून गाड्या धडधडत होत्या. आ-खायने विचारलं, "असं अर्धवट कोण ऐकेल? ताई, तुम्ही हे कोणाला वाचून दाखवलं होतंत का?"

यून-चेनने हेल्मेट उचललं, ते डोक्यावर घालायला दोनदा चुकली, आणि तिसऱ्यांदा आ-खायनेच पट्टा लावून दिला.

७

"आज पुन्हा आलीस," फान सर म्हणाले. "पावलं जड पडतायत तुझी."

लान भाजी आणायला गेली होती. यून-चेन सरांसमोर बसली. दाराकडे पाठ होती, पण आज तिच्या ते लक्षातही आलं नाही.

"सर, सोमवारी श्यांगला फोन तुम्ही केलात."

सर म्हणाले, "माझ्या घराच्या भिंतीत त्यांनी काही लावलं असेल. असा विचार केलास?"

"केला. रविवारी स्वयंपाकघरात मी लानला चहाचा पुडा दिला. माओकोंगच्या दुकानातला आहे, पाळण्यातून गेले होते, हे सगळं मोठ्याने सांगितलं. तुम्ही तेव्हा झोपायच्या खोलीत होतात. भिंतीने ऐकलं असतं तर भिंतीला डोंगर कळला असता. लानने तर पुड्यावरचं नावही वाचलंय. या घरात एकच माणूस असा आहे, ज्याला नाव कळलं आणि डोंगर कळला नाही."

"हवामान," सर पुटपुटले. त्यांच्या ओठांवर हसू आलं आणि लगेच गेलं. "हवामान मीच गाळायला लावलं."

तिला वाटत होतं सर ओरडतील, उठून जा म्हणतील. त्यांनी नाकारलं असतं तर तिला आवडलंही असतं.

"श्यांग तेव्हा नोकरीत नवा पोरगा," सर म्हणाले. "मला पहिल्यांदा आत घेतलं तेव्हा कागद भरायला तो होता. मारणारे दुसरे होते. त्याने मला पाणी दिलं. सोडल्यावर भेटत राहिलो. तो मला बातमी द्यायचा. मी त्याला सांगायचो लोक काय बोलतात, कोण कोणाकडे जातं. तू म्हणशील विकला गेला म्हातारा. आम्ही त्याला देवाणघेवाण म्हणायचो."

"किती माणसं, सर?"

"कोणती माणसं?"

"तुमच्या देवाणघेवाणीत आत गेलेली."

सरांनी तोंड फिरवलं. "मला कधी कळवलं नाही कोणी. मीही विचारलं नाही." मग एकदम त्यांचा आवाज चढला. "आणि तू फार सोवळी होऊ नकोस. तुझी पहिली मोठी बातमी, पाणबुड्यांची, जिच्यामुळे तुझं नाव झालं, ती मी तुला दिली होती ना? मला कुठून मिळाली वाटतं तुला?"

ती उठली. खिडकीपाशी गेली. खाली कोणीतरी स्कूटर धूत होतं. आजवरच्या सगळ्या बातम्या तिच्या डोळ्यांपुढून एकापाठोपाठ सरकल्या. त्यातली कोणती आपली आणि कोणती श्यांगची, हे तिला आता कधीच नक्की सांगता येणार नव्हतं.

"थांगला का पकडून दिलंत?" तिने पाठमोरंच विचारलं.

"श्यांग म्हणाला, बातमी आली तर पलीकडे असलेली आपली माणसं मरतील."

"तुम्हाला खरं वाटलं?"

"सवय झालीय, पोरी. त्याचं खरं मानायची." सर खुर्चीत खचल्यासारखे दिसत होते. "त्याला म्हटलं, माणसाला त्रास देऊ नकोस, फक्त बातमी थांबव. तो हो म्हणाला."

"सर, मी हे छापणार. तुमच्या नावासकट."

त्यांची मान झटकन वळली. "हे घरातलं बोलणं आहे!"

"नाव नको असेल तर अट बोलायच्या आधी घालायची. बोलून झाल्यावर नाही. तुम्ही घातली नाहीत."

"यून-चेन."

"तुम्ही चाळीस वर्षं पत्रकारिता केलीत, सर. मी समोर बसून विचारत होते. तुम्हाला माहीत होतं मी कोण आहे."

दाराशी लानच्या चपला वाजल्या, पिशवीतल्या पालेभाजीची सळसळ झाली. सरांनी खुर्चीचे हात घट्ट धरले.

"मग नीट लिही," ते म्हणाले. "फोन सोमवारी सकाळी केला, दहाच्या बातम्या संपल्यावर. त्याच्या घरच्या क्रमांकावर. तो स्वतः बोलला, हाताखालचा कोणी नव्हे. आणि मी डोंगर सांगितला नाही कारण मला माहीत नव्हता, मेहरबानी म्हणून नव्हे. तसं सजवू नकोस."

८

च्यू साहेबांनी मजकूर उभ्यानेच वाचला, मग बसून पुन्हा वाचला, आणि सू वकीलबाईंकडे दिला. सूंनी दोन शब्द खोडले.

"यात थांगचं नाव नाही, गुपित नाही," त्या म्हणाल्या. "आपल्याविरुद्धची बातमी दाबायला उपसंचालकाने स्वतःच्या घरून माणूस उचलायला लावला, एवढंच आहे. यावर खटला करायचा तर आधी त्याला तो फोन कबूल करावा लागेल. करू दे."

"मालक?" यून-चेनने विचारलं.

"त्यांना उद्या पेपरातूनच कळू दे," च्यू म्हणाले. त्यांचा चेहरा पांढरा पडला होता, पण फेऱ्या थांबल्या होत्या. "मागच्या आठवड्यात तुम्ही मला तोंडावर विचारलं असतंत, मालकांना न सांगता छापाल का, तर मी काय केलं असतं, मलाच माहीत नाही. आज जमतंय तर करून टाकू."

पाणबुड्यांच्या जुन्या बातमीचाही एक परिच्छेद तिने घातला होता. च्यूंनी तो काढू का म्हणून विचारलं. ती नको म्हणाली.

बातमी आली आणि आठवडाभर शहराला दुसरा विषय नव्हता. श्यांग आधी रजेवर गेला, मग त्याला बोलावणं आलं. संसदेत आरडाओरडा झाला. आ-श्याच्या दुकानापुढे रांग लागली आणि तिने प्रत्येक वाहिनीला वेगळी शिवी दिली. फान सरांच्या घराबाहेर कॅमेरे आले तेव्हा लानने बाहेर येऊन सांगितलं की ते कोणाशी बोलणार नाहीत. यून-चेनने त्यानंतर दोनदा त्यांच्या घराची घंटा वाजवली. लान दार किलकिलं करून म्हणाली, "ताई, नका येऊ. तुमचा आवाज आला की ते जेवत नाहीत."

थांग जामिनावर सुटले तेव्हा ती कोठडीच्या फाटकाशी उभी होती. ते बारीक झाले होते. बायकोने आणलेलं जाकीट त्यांनी अंगात घातलं आणि मग यून-चेनला पाहिलं.

"कोणी सांगितलं ते वाचलं मी," थांग म्हणाले. "तुमचे गुरू."

"हो."

"तुम्ही त्यांना वाचून दाखवलं."

"हो. चूक माझी."

थांगनी जाकिटाची झिप वर ओढली. ती मध्येच अडकली. "आत एक पोरगा होता, तपासनीस. चांगला होता बिचारा. रोज विचारायचा, काका, बाईंचं नाव सांगा आणि घरी जा. मी म्हटलं, कोणत्या बाई?" ते थांबले. "यापुढे मला फोन करू नका."

ते बायकोचा हात धरून बसथांब्याकडे गेले. ती त्यांच्यामागे गेली नाही. गेली असती तर काय बोलणार होती?

श्यांगच्या चौकशीतून दूंचं प्रकरण पुन्हा उघडलं आणि पुढे वसंतात त्यांच्या खटल्याची फेरसुनावणी सुरू झाली. पत्रकारांच्या बाकावर यून-चेन कडेला बसली होती. एका जागी बसवत नव्हतं, पाय सारखा हलत होता. शेजारच्या वार्ताहराने दोनदा तिच्याकडे पाहिलं. समोर कॅप्टन दू कैद्याच्या कपड्यांत बसले होते. केस सगळे पांढरे. त्यांच्या मागे त्यांची बायको, मांडीवर हात गच्च दाबून.

साक्षीदाराचं नाव पुकारलं गेलं. ही साक्ष पडद्याआड होईल असं सगळ्यांना वाटत होतं. तशी परवानगीही मिळाली होती. पण थांग पडद्याकडे न जाता सरळ पिंजऱ्यात जाऊन उभे राहिले.

"तुम्हाला पडदा घेता येईल," न्यायाधीशबाई म्हणाल्या.

"नको."

"नाव?"

"थांग क्वान-जू."

"जरा मोठ्याने."

"थांग क्वान-जू!" आवाज मागच्या भिंतीपर्यंत गेला. दूंनी मान वर केली. इतक्या वर्षांत त्या ठाण्यावरचं कोणी त्यांच्यासमोर आलं नव्हतं. ते थांगकडे बघत राहिले, आणि मग त्यांचा चेहरा लहान मुलासारखा वेडावाकडा झाला.

थांगनी बाकांवरून नजर फिरवली. ती यून-चेनवर आली, थांबली नाही, पुढे गेली. त्यांनी कठडा दोन्ही हातांनी धरला.

"कॅप्टनसाहेबांना नेलं त्याच्या पुढच्या थंडीतली गोष्ट," त्यांनी सुरुवात केली. "मी कानाला यंत्र लावून बसलो होतो. पलीकडे एक जण आपल्या जहाजांची नावं वाचत होता, एकेक करून, अगदी निवांत."

यून-चेनचा पाय थांबला. ती लिहू लागली.